केळ्याला नफा, कलिंगडाला तोटा : पाच ट्रेच्या ड्रायरची पारख

इंदूरमध्ये एप्रिल-मे महिन्यांत फळं वाळवायला यंत्र लागत नाही, हे आधीच सांगून टाकू. गच्चीवर दुपारी चाळीस अंशांचं कोरडं ऊन असतं. कुरडया-पापडांच्या शेजारी केळ्याच्या चकत्या मलमलच्या कापडाखाली पसरल्या की साधारण दोन-तीन दिवसांत काम होतं, खर्च शून्य. अडचण पुढे आहे. पेरू, आवळा, स्ट्रॉबेरी आणि चांगली पपई बाजारात येते ती पावसाळा सरल्यावर आणि थंडीत. तेव्हा माळव्यातलं ऊन मऊ असतं आणि रात्री गच्चीवर दव पडतं, त्यामुळे दिवसभरात जेवढं सुकलं त्यातलं थोडं पहाटेपर्यंत पुन्हा ओलं होतं. पावसाळ्याचं तर विचारायलाच नको. हे यंत्र घ्यायचं ते या सात-आठ महिन्यांसाठी.

ज्याची पारख करतो आहोत तो गोल, प्लास्टिकचा, एकावर एक बसणाऱ्या पाच ट्रेंचा डबा आहे. पंखा आणि हीटर तळाशी, ३५ ते ७० अंशांची फिरकी, वर झाकणाला भोकं, वीज २५० वॅट. किंमत साधारण चार-पाच हजारांच्या घरात. नाव देत नाही, कारण याच साच्याचे डबे निरनिराळ्या लेबलांखाली विकले जातात आणि खाली सांगितलेले गुण-दोष लेबलाचे नसून रचनेचे आहेत.

सोबतच्या पुस्तिकेत फळांसाठी एकच ओळ आहे : ‘फळे, ६ ते १४ तास’. सगळा घोळ इथूनच सुरू होतो. फळात पाणी किती आहे आणि ते कसं अडकलेलं आहे, यावर तास ठरतात. केळं आणि कलिंगड एकाच ओळीत बसवणारी पुस्तिका रद्दीत गेली तरी चालेल.

पाण्याचे आकडे वरवर पाहिले तर फसवतात. कलिंगडात ९१ टक्क्यांच्या थोडं वर पाणी, खरबुजात ९०, स्ट्रॉबेरीत ९१, पपईत ८८, संत्र्यात ८७, अननस आणि सफरचंदात ८६ च्या आसपास, आंब्यात ८३-८४, पेरू आणि द्राक्षात ८०-८१, चिकूत ७८, केळ्यात ७५, सीताफळात ७३. जात, पिकण्याची अवस्था आणि पाणी-पाऊस यांनुसार दोन-चार टक्के इकडेतिकडे होतातच. गायीच्या दुधात पाणी ८७ टक्के असतं, म्हणजे सफरचंद आणि दूध जवळपास सारखेच ओले. एक कापता येतं आणि दुसरं ओतावं लागतं, कारण फळातलं पाणी पेशींच्या पिशव्यांत कोंडलेलं असतं. वाळवणं म्हणजे या पिशव्यांच्या भिंतींतून ते बाहेर काढणं.

तर कलिंगड ९१.५ आणि केळं ७५. फरक सोळा टक्क्यांचा वाटतो. पण वाळवणाऱ्यानं पाण्याकडे न बघता उरलेल्या भागाकडे बघायचं. कलिंगडात घन भाग साडेआठ टक्के, केळ्यात पंचवीस, म्हणजे जवळपास तिप्पट. वाळलेल्या फळात १५ टक्के ओल ठेवायची असं धरलं, तर एक किलो सोललेल्या केळ्याचं सुमारे २९५ ग्रॅम हातात येतं, चिकूचं २६०, पेरूचं २२५, आंब्याच्या गराचं १९५, सफरचंदाचं १७०, अननसाचं १६५, पपईचं १४० आणि कलिंगडाचं फक्त १०० ग्रॅम. हे सगळं खाण्याजोग्या भागाचं वजन आहे. चोइथराम मंडीतून किलोनं आणलेल्या केळ्याचा तिसरा हिस्सा सालीत जातो आणि अननसाचं जवळपास निम्मं वजन साल, डोळे, दांडा यांत. त्यामुळे वजन सोलल्यावरच करायचं.

हिशेबाची रीत सोपी आहे. सोललेल्या फळाचं वजन घ्या, त्यातला घन भाग काढा आणि त्याला ०.८५ नं भागा. पाचशे ग्रॅम पपईच्या फोडींत घन भाग १२ टक्के, म्हणजे ६० ग्रॅम. ६० भागिले ०.८५ म्हणजे साधारण ७१ ग्रॅम. ट्रेवरचा माल ७१ ग्रॅमवर आला की पपई झाली, मग घड्याळ काहीही सांगो. टायमरपेक्षा शंभर टक्के उपयोगी वस्तू म्हणजे स्वयंपाकघरातला ग्रॅमचा काटा, आणि तो या डब्यासोबत येत नाही. रिकाम्या ट्रेचं वजन त्याच्या कडेवर मार्करनं लिहून ठेवा. मग प्रत्येक वेळी फळ काढून तोलावं लागत नाही.

आता पुस्तिकेतला दुसरा दावा : ‘क्षमता ३ किलो’. ट्रेचा व्यास ३२ सेंटीमीटर, मधलं भोक आणि कडा वगळून जेमतेम ७०० चौरस सेंटीमीटर जागा. पाच मिलिमीटरच्या चकत्या एकमेकींना न टेकता मांडल्या तर ट्रेमागे अडीचशे ग्रॅम बसतात. पाच ट्रेंचे झाले सव्वा किलो. तीन किलो बसवायचे तर चकत्या एकीवर एक चढवाव्या लागतील आणि चढलेल्या चकत्यांमधली जागा वाळत नाही, आंबते.

जागा सोडा, विजेचं गणितही जमत नाही. साठ अंशांच्या आसपास एक किलो पाण्याची वाफ करायला कमीत कमी ०.६५ युनिट ऊर्जा लागते. ही निसर्गाची किंमत आहे, यात घासाघीस नाही. २५० वॅटचा डबा दहा तासांत अडीच युनिटं खातो आणि त्या वेळात सव्वा किलो सफरचंदातलं साधारण एक किलो पाणी काढतो. म्हणजे विजेचा चौथा हिस्सा कामी येतो, बाकीचा गरम हवेबरोबर झाकणाच्या भोकांतून स्वयंपाकघरात. या किमतीच्या डब्यासाठी हे वाईट नाही. पण तीन किलो सफरचंद भरलं तर अडीच किलो पाणी काढायचं, त्याला चोवीस तासांहून जास्त लागणार, आणि त्यातले पहिले सात-आठ तास फळ कोमट आणि ओलंच राहणार. आंबूस वास येतो तो याच वेळात.

खर्चाच्या बाजूनं पाहा. युनिटला ८ रुपये धरले तर केळ्याची एक खेप सुमारे वीस रुपयांच्या विजेत होते आणि ३७० ग्रॅम माल मिळतो, शंभर ग्रॅममागे साडेपाच रुपये. कलिंगडाची खेप बावीस-तेवीस रुपयांची आणि माल १२५ ग्रॅम, म्हणजे शंभर ग्रॅमला अठरा रुपये. तेही चिकट, दातांना धरणारं. कलिंगड कापून गार करून खावं, ते या डब्याचं गिऱ्हाईक नव्हे.

पावसाळ्यात दमट हवेत हा डबा कितपत चालतो, ही शंका रास्त आहे. उत्तर : चालतो, आणि का ते आकड्यांत दिसतं. ऑगस्टमधली २५ अंशांची, ९० टक्के आर्द्रतेची हवा ६० अंशांपर्यंत तापवली की तिची सापेक्ष आर्द्रता १४ टक्क्यांवर येते. मे महिन्यातली ४० अंशांची, २० टक्के आर्द्रतेची हवा तेवढीच तापवली तर सात टक्क्यांच्या आसपास. फरक आहे, पण १४ टक्के हीसुद्धा कोरडीच हवा. पावसाळ्यात तास-दोन तास जास्त धरा. मात्र डबा बंद स्वयंपाकघरात ठेवू नका. त्यातून निघालेली वाफ खोलीतच राहते आणि पंखा तीच पुन्हा ओढून घेतो. खिडकीजवळ, भिंतीपासून वीतभर लांब. जानेवारीत हवा कोरडी असली तरी गार असते, त्यामुळे हीटर मध्ये बंद न पडता सतत चालू राहतो आणि वरचे ट्रे अपेक्षेइतके तापत नाहीत.

वरच्या ट्रेचं दुखणं या रचनेतच आहे. फिरकी ६० वर ठेवून ओव्हनचा थर्मामीटर आत ठेवला तर तळाच्या ट्रेवर ६१-६२ अंश आणि सगळ्यांत वर ५०-५२. खालून वर जाताना हवा थंड होते आणि ओलीही होते. उपाय एकच : दर दोन तासांनी तळाचा ट्रे वर आणि बाकीचे एकेक पायरी खाली. रात्री लावून झोपायचं असेल तर सकाळी तळाच्या चकत्या कडकडीत आणि वरच्या चामड्यासारख्या मिळतील. वरच्या चकत्या एक मिलिमीटर पातळ कापणं हा त्यावरचा आळशी पण चालणारा तोडगा.

जाडीबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण जास्त चुका तिथेच होतात. सुरुवातीचे दोन-तीन तास पृष्ठभागावरचं पाणी उडतं, तेव्हा जाडीनं फारसं बिघडत नाही. पुढे पाण्याला चकतीच्या पोटातून बाहेर यावं लागतं आणि तो वेळ जाडीच्या वर्गाच्या जवळपास वाढतो. चार मिलिमीटरला जे पाच तास, ते आठ मिलिमीटरला दहा नव्हे, पंधरा-अठरा लागू शकतात. सुरीनं डोळ्यांच्या अंदाजानं कापलेल्या चकत्यांत तीन मिलिमीटर आणि सात मिलिमीटर शेजारी-शेजारी असतात, मग एक जळते आणि दुसरी बुरसते. स्लायसर वापरा, पाच मिलिमीटर ठेवा.

घाई म्हणून फिरकी ७० वर नेणं ही दुसरी चूक. बाहेरचा थर पटकन सुकून आक्रसतो, त्याची सालच तयार होते आणि आतलं पाणी कोंडतं. चकती हाताला कोरडी लागते, बरणीत भरली जाते आणि आठ-दहा दिवसांत आतून पांढरी बुरशी. बहुतेक फळांना ५७ ते ६० अंश पुरे. आपल्या डब्याची वरची हवा थंड आहे हे धरून ६० ठेवा.

आता फळाफळाचं. केळं या यंत्राचं खरं फळ. बुऱ्हाणपूरची केळी इथे मुबलक येतात. साल पिवळीधमक, टोकांची हिरवी छटा जेमतेम गेलेली, ठिपके नुकते दिसू लागलेले, अशी निवडावीत. पिकताना सालीतलं पाणी गरात उतरतं, म्हणून काळ्या ठिपक्यांचं केळं जास्त ओलं आणि जास्त चिकट असतं. कच्च्यात स्टार्च असतो, चव पिठूळ. चकत्या लिटरभर पाण्यात दोन लिंबांचा रस पिळून पाच मिनिटं ठेवल्या की काळ्या पडत नाहीत. बाहेर काढून कापडावर टिपा, नाहीतर ते वरचं पाणी काढायलाही वीज मोजावी लागते. जाळीला बोटभर खोबरेल तेलाचा हात फिरवा आणि दोन तासांनी चकत्या उलटा.

चिकू केळ्याच्याच बरोबरीचा. घोलवडकडे वाळवलेल्या चकत्या विकल्या जातात त्या उगाच नव्हे : साखर भरपूर, पाणी तुलनेनं कमी, वाळल्यावर खारकेची आठवण. पेरू, म्हणजे आपल्या ठेल्यांवरचा ‘जाम’, घट्ट घ्यावा आणि मधला बियांचा गोळा काढून टाकावा. त्यावर जिरावण, म्हणजे पोह्यांवरचा इंदुरी मसाला, अप्रतिम लागतं, पण सुरुवातीला भुरभुरवलं तर त्यातलं मीठ रस ओढून बाहेर काढतं आणि मसाला वाहून जाळीखाली पडतो. फळ अर्धं सुकल्यावर, हाताला ओलसर लागत असताना टाकायचं. पावसाळ्यात मिठाच्या चकत्या हवेतली ओल लवकर धरतात, तेव्हा त्या लहान बरणीत, चार-पाच दिवसांत संपतील एवढ्याच.

सीताफळ. पाणी ७३ टक्के, म्हणजे कागदावर केळ्यापेक्षाही सोपं. प्रत्यक्षात नको. गर तापला की कडवट होतो आणि रंग मळतो. कमी पाणी म्हणजे वाळवायला चांगलं फळ, हा नियम इथे मोडतो.

द्राक्षात पाणी पेरूइतकंच आहे, तरी अख्खं द्राक्ष या डब्यात चोवीस तासांनंतरही टचटचीत राहू शकतं. कारण सालीवरचं मेण. तासगाव-सांगलीकडे बेदाणा करताना द्राक्षं पोटॅशियम कार्बोनेट आणि इथाइल ओलिएटच्या द्रावणात बुडवतात ती या मेणाचा थर मोडायला. घरी रतलामची द्राक्षं आणली तर उकळत्या पाण्यात अर्धं मिनिट बुडवून लगेच गार पाण्यात टाका, सालीला बारीक चिरा पडतात. नाहीतर सरळ उभी अर्धी कापा आणि कापलेली बाजू वर ठेवा.

अननस, पपई, खरबूज या रसाळ फळांत या डब्याचा सगळ्यांत मोठा दोष उघडा पडतो. पंखा तळाशी, वरून थेंब. पहिल्या तासात रस ठिबकून हीटरच्या जाळीवर जातो, करपट गोड वास येतो आणि पुढच्या खेपेलाही तोच वास. तळ नळाखाली धुता येत नाही, ओल्या फडक्यानं पुसूनच काढावं लागतं. निर्मात्यानं तळाशी एक ठिबक-थाळी द्यायला हवी होती. ती नाही, म्हणून फोडी चाळणीत पंधरा-वीस मिनिटं निथळू द्या आणि तळाच्या ट्रेवर केळं किंवा सफरचंद ठेवा. वास एकमेकांत मिसळतात हे खरं. अननसाच्या वर ठेवलेलं सफरचंद अननसासारखं लागतं. कांदा-लसूण मात्र फळांबरोबर कधीच नको.

आंबापोळीसाठी सोबत एकच सपाट, कड असलेला ट्रे दिला आहे, पाच हवे होते. बदाम किंवा लंगडा जातीच्या आंब्याचा गर चार मिलिमीटर जाड ओता, कडेला किंचित जाड, कारण कड आधी सुकते. गर आधी कढईत आटवून घेतला तर वेळ निम्म्यावर येतो, पण रंग गडद होतो आणि ताज्या आंब्याचा वास जातो. ज्याला जे प्यारं.

आवळ्याला साखरेची मदत घ्यावी. आठ-दहा मिनिटं वाफवून पाकळ्या सुट्या करायच्या, किलोला ७०० ग्रॅम साखर घालून दोन-तीन दिवस झाकून ठेवायचं. साखर आवळ्यातलं पाणी स्वतःकडे खेचते आणि भांड्यात पाक साचतो. निथळून मगच ट्रेवर. बरंचसं पाणी विजेशिवाय निघालेलं असतं, आणि राहिलेल्या पाण्याला साखर धरून ठेवते, त्यामुळे बुरशीला ते वापरता येत नाही. वाळलेलं फळ १५-२० टक्के ओल असूनही टिकतं ते यामुळेच. सरबतासाठी पाक वेगळा उरतो.

निसर्गानं हेच काम कुठे फुकट केलेलं पाहायचं असेल तर मांडूची खुरासानी चिंच, म्हणजे बाओबाबचं फळ, घ्या. त्या जाड कवचातला गर झाडावरच सुकून भुसभुशीत, आंबट पिठासारखा होतो. यंत्र नाही, वीज नाही.

झालं की नाही हे गरम असताना ठरवू नका, गरम फळ नेहमी मऊ लागतं. एक चकती बाहेर काढून पाच मिनिटं गार होऊ द्या, मग दुमडा. दुमडल्यावर मोडू नये आणि चिरेवर ओलावा दिसू नये. सफरचंद कुरकुरीत हवं तर आणखी दोन तास द्यावे लागतात. नंतर सगळा माल काचेच्या बरणीत दोन-तृतीयांश भरून आठवडाभर ठेवा आणि रोज हलवा. जाड-पातळ चकत्यांतली ओल आपसांत वाटली जाते. काचेवर आतून बाष्प दिसलं तर परत डब्यात, दोन तास. वीज गेली तर झाकण काढून ट्रे सुटे पसरा. बंद डब्यात कोमट, अर्धवट सुकलेलं फळ तीन-चार तास राहिलं की आंबट होतं.

दुसरे पर्याय? ओटीजी (विजेवरचा छोटा ओव्हन) बहुधा ८० अंशांच्या खाली उतरत नाही, त्यात फळ शिजतं. एअर फ्रायरच्या ‘डिहायड्रेट’ बटणावर मूठभर माल निघतो. मागे पंखा असलेला चौकोनी, स्टीलचा सहा ट्रेंचा ड्रायर यापेक्षा सरस आहे. हवा आडवी वाहते, सगळ्या ट्रेंना सारखी मिळते, थेंब पंख्यावर पडत नाहीत. किंमत दुप्पट किंवा जास्त. आठवड्याला एकापेक्षा जास्त खेपा काढणाऱ्यानं किंवा विकायला करणाऱ्यानं तोच घ्यावा.

चार माणसांच्या घरात महिन्याला दोन-तीन खेपा, त्याही केळी-चिकू-पेरू-सफरचंदाच्या, यासाठी हा गोल डबा पैसे वसूल करतो. पाचपैकी साडेतीन. अर्धा गुण ठिबक-थाळीचा, एक गुण त्या तीन किलोंच्या थापेचा कापला. घेताना दुकानदाराला सुटे ट्रे मिळतात का ते आधी विचारा. धुताना ट्रेची कडेची खाच आधी तुटते, आणि एक ट्रे नीट बसला नाही की फटीतून गरम हवा बाजूला निघून जाते, वरचे सगळे ट्रे थंड.